ईयोबाच्या बायकोचं बोलणं

नवापूरच्या हंसाबाईला देवानं काय काय दिलं नाही ते विचारू नका, पण तोंड देताना मात्र त्यानं हात राखला नव्हता. मासळीची पाटी डोक्यावर घेऊन ती बोईसरच्या गल्लीत शिरली, की पहिल्या घरातल्या बाईला कळायचं आज मांदेली स्वस्त आहे, आणि शेवटच्या घरातल्या बाईला कळायचं पहिल्या घरातली बाई किती चिक्कू आहे. तरी सगळ्याजणी घ्यायच्या तिच्याकडूनच. शिळा मासा तिच्या पाटीत कधी नसायचा, आणि शिवी खाल्ल्याशिवाय तिची मासळी गोड लागत नाही, असं बायका हसून म्हणायच्या.

त्या गल्लीच्या टोकाला छोटं चर्च होतं आणि त्याच्या मागच्या दोन खोल्यांत फादर बावतीस राहत. मूळचे वसईचे. उभा जन्म त्यांनी पाद्री होऊ घातलेल्या मुलांना जुने ग्रंथ शिकवण्यात घालवला. सत्तरीला आल्यावर हृदय कुरकुरायला लागलं, तेव्हा वरिष्ठांनी ‘तिकडची हवा चांगली आहे’ म्हणून त्यांना बोईसरला पाठवलं. हे सांगणारा माणूस बोईसरला कधी उतरलाच नसणार, असं फादर म्हणत आणि स्वतःच खो खो हसत. एकोणीसशे चौऱ्याऐंशी-पंच्याऐंशीचा सुमार होता. एका बाजूला कारखान्यांची धुराडी, दुसऱ्या बाजूला सुक्या बोंबलांचा वास, आणि मधोमध आपले फादर, मांडीवर हे एवढं जाडजूड लॅटिन पुस्तक घेऊन.

शिकवायची खोड काही गेली नव्हती. समोर विद्यार्थी नसले म्हणून काय झालं? पोस्टमन आला की त्याला नोहाचं तारू ऐकून मगच सुटका मिळायची. पण त्यांची आवडती विद्यार्थिनी म्हणजे हंसाबाई. बुधवारी आणि शुक्रवारी ती मागच्या ओट्यावर बसून त्यांची मासळी साफ करून द्यायची, आणि तेवढ्या वेळात फादर गोष्ट सांगायचे. ती मधेच तोंड घालायची, वाद घालायची, देवालासुद्धा झापायची. फादरना याच्यापुढे सेमिनरीतले पोरगे अळणी वाटायचे.

आता हंसाच्या नवऱ्याचं सांगायला हवं, नाहीतर पुढचं कळायचं नाही.

वामन तसा दर्यावर जाणारा, पण त्याचं नाव होतं ते क्लॅरनेटसाठी. नवापूरच्या बॅन्डातला तो सगळ्यात जुना वाजंत्री. लाल कोट घालून तो वरातीच्या पुढे चालायला लागला, की नवरदेव राहिला बाजूला, लोक वामनकडेच बघायचे. हंसानंही लग्नाआधी त्याला असंच एका वरातीत बघितलं होतं आणि बापाला सांगितलं होतं, ‘हा पायजे.’ दोघं भांडायची ती सगळा पाडा ऐकेल अशी. त्यांच्या घरात अहोजाहोची पद्धत नव्हती. ती एक बोलली की तो दोन बोलायचा, तो दोन बोलला की ती चार. आणि मग रात्री एकाच ताटात जेवायची. मुलगी सासरी गेली तेव्हा रडत म्हणाली होती, ‘तिथं घरात कोनी ओरडत नाय गं आये, मला झोपच नाय येत.’

दोन वर्षांपूर्वी वामनच्या कोपरांवर पांढरट चट्टे उठले. मग हातांवर, मग पाठीवर, मग डोक्यात. त्यावर खवले धरायचे आणि झडायचे. हंसानं त्याला पालघरच्या सरकारी डॉक्टरकडे नेलं. डॉक्टर भला होता. म्हणाला, ‘हा महारोग नाही. कुणाला लागत नाही. मलम लावा, उन्हात बसा.’ हंसा घरोघर जाऊन हे सांगून आली. लोकांनी मान डोलावली आणि पाण्याचे गडू वेगळे केले. लग्नघरांनी बॅन्डमास्टर पुंडलिकला गुपचूप सांगितलं, तेवढा वामन आणू नको. पुंडलिक हंसाचा चुलतभाऊ. तो बिचारा मान खाली घालून आला आणि म्हणाला, ‘दादा, थोडे दिवस आराम कर.’ थोडे दिवस म्हणजे किती, हे त्याला विचारायची वामनची छाती झाली नाही, आणि सांगायची पुंडलिकची.

तेव्हापासून वामन घरामागच्या खोपीत, जुन्या जाळ्यांच्या ढिगावर बसून असायचा. कालवाच्या शिंपल्यानं पाठ खाजवायचा. आणि रोज एकच पालुपद: ‘कशाला जगवते मला?’ पहिल्यांदा हंसानं समजूत काढली. मग देवीला नवस बोलली. मग ओरडली. पण रोज मरे त्याला कोण रडे म्हणतात तशी गत झाली. गणपतीच्या आधीची गोष्ट. बाजारात कुण्या कैदाशिणीनं गिऱ्हाइकांना सांगितलं, ‘हिच्या घरी तो रोग हाय,’ आणि हंसाची पाटी अर्धी तशीच परत आली. घरी येते तर वामननं भाताची थाळी दूर सारलेली आणि परत तेच: ‘कशाला जगवते मला?’

हंसाचा तोल गेला. म्हणाली, ‘मंग नको जगू! दे त्या देवाला चार शिव्या, आनि मर एकदाचा. मी पन सुटते.’

बोलली आणि वाट बघत उभी राहिली. आता हा ताडकन उठेल, म्हणेल, ‘तू मर, तुजा बाप मरो.’ नेहमीचंच होतं ते. पण वामननं तिच्याकडे नुसतं बघितलं. मग थाळी जवळ ओढली आणि मुकाट जेवला. आणि त्या दिवसापासून तो तिच्याशी एक शब्द बोलला नाही. गणपती आले नि गेले, नवरात्र गेलं, दिवाळी गेली. ती देईल ते खायचा, ती लावील ते मलम लावून घ्यायचा. पण शब्द नाही. हंसा एकटीच बोलायची, एकटीच भांडायची, आणि घर कसं ओहोटीच्या किनाऱ्यासारखं पडलं होतं. हे दुःख तिनं कुणाला सांगितलं नव्हतं. सांगणार काय? नवऱ्याला मर म्हणाले, आणि आता तो माझं ऐकत बसलाय?

तर असा तो शुक्रवार. ओट्यावर हंसा करली साफ करत बसलेली आणि फादरनी गोष्ट काढली ईयोबाची.

“मोठा भला माणूस,” फादर म्हणाले. “सात मुलगे, तीन मुली, मेंढ्या, उंट, कशाला कमी नाही. सैतान देवाला म्हणाला, तू भरभरून दिलंस म्हणून हा तुझं नाव घेतो. काढून घे, मग बघ. देव म्हणाला, ठीक आहे, बघू.”

“पैज लावली?”

“तसंच म्हणा.”

“देवानं? शोभलं का त्याला? आमच्या देवीनं असं केलं असतं ना, तं दारात जाऊन ऐकवलं असतं मी.”

फादर खूश झाले. “मग गुरं गेली, नोकर गेले. वादळात घर पडलं आणि दहाच्या दहा मुलं त्याखाली गेली. तरी तो देवाला बोल लावीना. तेव्हा सैतानानं त्याच्या अंगाला हात घातला. टाळूपासून तळव्यापर्यंत फोड. गावाबाहेर राखेत बसायचा आणि खापरीनं अंग खाजवायचा.”

हंसाचा हात थांबला. खाली बघतच तिनं विचारलं, “आनि बायको? ती पन मेली?”

“नाही ना! तिथंच तर गंमत आहे.” वर्गात विनोद सांगायच्या आधी खाकरायचे तसे फादर खाकरले. “ती त्याला म्हणाली, अजून देवाला धरून बसलास? दे त्याला शिव्या आणि मर. आता जुन्या पंडितांना, म्हणजे हजार-दीड हजार वर्षांपूर्वीच्या, मोठा प्रश्न पडला. सैतानानं सगळं नेलं, मग बायकोच तेवढी मागे का ठेवली? तर त्यांनी उत्तर काढलं: ती त्याच्या कामाची होती! सैतानाची मदतनीस म्हणाले तिला!”

इथं वर्गात नेहमी हशा पिकायचा. फादर स्वतःही पोट धरून हसले.

हंसा हसली नाही. तोच रोग, तेच बोलणं, आणि शहाण्या माणसांनी हजार वर्षांपूर्वीच निकाल लावून ठेवलेला! तिनं उरलेले तुकडे पातेल्यात टाकले, हात धुतले आणि चहाला न थांबता पाटी उचलून चालू लागली. “हंसाबाई, चहा!” असं फादर ओरडले, ते गल्लीच्या कोपऱ्यापर्यंत ऐकू आलं. तिनं मागे वळून बघितलं नाही.

नवापूरच्या एसटीत खिडकी धरून ती बसली आणि सबंध वाट तिच्या डोक्यात एकच घोळत होतं. देवानं माजं तोंड त्याच कामासाठी केलं असंल काय? मानूस दुखन्यानं नाय, माज्या बोलन्यानं मेल्यासारखा झाला. घरी आली, खोपीत डोकावली. वामन पाठमोरा बसला होता. नेहमी ती आल्या आल्या बाजारातलं सगळं सांगत बसायची, तो ऐको न ऐको. त्या दिवशी तिनं थाळी ठेवली आणि न बोलता बाहेर आली. म्हटलं, आता आपलं तोंडच शिवून टाकायचं. म्हणजे झालं, घरात दोघंही मुकी.

पुढचा बुधवार गेला, शुक्रवार गेला. हंसा बोईसरला जायची, पण चर्चच्या गल्लीत पाय ठेवायची नाही. फादरनी दोनदा दुसरीकडून मासे घेतले. एकदा काटा टोचला आणि एकदा पोट बिघडलं. शेवटी काठी आणि छत्री घेऊन ते नवापूरच्या एसटीत बसले.

किनाऱ्यावर बांबूंना बोंबील टांगलेले होते आणि हंसा वाळलेले काढून टोपलीत भरत होती. पांढऱ्या झग्यातली ती उंच मूर्ती वाळूतून धापा टाकत येताना बघून बायका कामं सोडून उभ्या राहिल्या.

“हंसाबाई,” फादर एका उलट्या होडीच्या कडेवर टेकत म्हणाले, “करलीचा भाव वाढला, की माझा उतरला?”

हंसानं टोपली दाणकन खाली ठेवली. आणि मग काय विचारता! इतके दिवस कोंडलेलं सगळं बाहेर आलं. वामनचे चट्टे, परत आलेली पाटी, दूर सारलेली थाळी, आणि ते वाक्य. फादरना तिनं ते जसंच्या तसं म्हणून दाखवलं. “शब्दाला शब्द तोच, फादर. तुमच्या पुस्तकातला. तुमी हसलात. मला वाटलं, तुमाला कळलं आनि तुमी मलाच हसताव.”

फादरचा चेहरा पडला. ते वाळूत काठीनं रेघा ओढायला लागले.

“देवाशपथ मला ठाऊक नव्हतं,” ते म्हणाले. “जन्मभर तो विनोद सांगत आलो बघा. समोर बसलेले सगळे ब्रह्मचारी. हसणार नाहीत तर काय करतील?”

“आनि ज्यांनी लिवलं ते?”

“तेही ब्रह्मचारीच. बहुतेक सगळे.”

“मंग! ज्याच्या घरात बायकोच नाय, त्यानं बायकोचं बोलनं काय म्हनून तोलावं?”

हे म्हणताना तिच्या आवाजात जरा जुनी धार आली, आणि फादरना तेवढ्यानंच बरं वाटलं. पण आपल्या जुन्या पंडितांना ते असे वाऱ्यावर सोडणार नव्हते. “ती माणसं वाईट नव्हती हो,” ते म्हणाले. “रोमला एक पोप होते. सतत पोटदुखीनं हैराण. तशातच त्यांनी या एका गोष्टीवर पस्तीस पुस्तकं लिहिली. दुखत असलं ना, की माणूस त्यात अर्थ शोधतो. त्यांना वाटलं, यातली कुठलीच गोष्ट नुसती गोष्ट नाही. सात मुलगे म्हणजे देवानं दिलेले सात गुण. तीन मुली म्हणजे श्रद्धा, आशा आणि प्रेम.”

“गुन?” हंसानं कपाळाला हात लावला. “दहा बाळंतपनं काढली त्या बाईनं, आनि हे म्हनतात गुन! पोरं म्हंजे पोरं. दहा पोरं एका दिवशी गेली, आनि ती माऊली एक वाक्य बोलली तं सगळे तिच्या मागं लागले.”

“सगळे नाही. पूर्वेकडच्या काही जुन्या कथांत तिची कड घेतलीय. नवऱ्याला भाकरी मिळावी म्हणून तिनं स्वतःचे केस कापून विकले, असं सांगतात. मुसलमान कथेकरीही तिला फार मानतात.”

फादरना वाटलं, यानं तिचं समाधान होईल. कसलं काय! हंसा म्हणाली, “केस विकले म्हनून चांगली, आनि बोलली म्हनून वाईट? फादर, उपाशी मानसाला भाकरी कोनी पन देल. पन तो मरायच्या गोष्टी करतो, रोज करतो, तेव्हा कोनीतरी ओरडायला नको? मी ओरडले तं काय तो मरावा म्हनून?” तिनं एक बोंबील ओढून टोपलीत भिरकावला. “तो उठावा म्हनून ओरडले मी. रागानं तरी उठावा.”

वाऱ्यानं टांगलेले बोंबील खडखडत होते. फादर हळूच म्हणाले, “एक सांगू? गोष्टीच्या शेवटी देव येतो. ईयोबाला उपदेश करत बसलेल्या त्याच्या शहाण्या मित्रांवर रागावतो. तिच्यावर मात्र रागावत नाही. तिला देव एका अक्षरानंही बोलत नाही.”

हंसानं पदरानं नाक पुसलं. “देवाचं र्‍हाऊ द्या. तो काय बोलला तिला? नवरा?”

“म्हणाला, मूर्ख बायकांसारखी बोलतेस. देवाकडून चांगलं तेवढं घ्यायचं, आणि वाईट घ्यायचं नाही का?”

“म्हंजे बोलला!”

“हो. बोलला तिला, चांगलंच बोलला.”

“बोलला ना!” हंसा टोपलीच्या शेजारी मटकन बसली. “मूर्ख म्हनाला. तिला उत्तर दिलं त्यानं. फादर, ती बाई भाग्याची. माजा तं मला मूर्ख पन म्हनत नाय. मला काय नको, सोनं नको, रोग बरा व्हायला पन नको, नसंल होत तं. त्यानं मला एक शिवी द्यावी. बस.” आणि सगळ्या बायकांसमोर ती हुंदके देऊन रडायला लागली. हंसाला रडताना नवापूरनं प्रथमच बघितलं.

फादरना काय करावं सुचेना. जन्मभर जे करत आले तेच त्यांनी केलं. गोष्ट सांगितली.

“तिकडच्या थंड मुलखांत,” ते म्हणाले, “वाजंत्री लोकांनी ईयोबाला आपला मानला होता. त्याला सणाला मिरवायचे. का, तर म्हणे तो राखेत बसला असताना मित्र येऊन नुसते उपदेश करत बसले. पण काही वाजंत्री आले, ते काही बोलले नाहीत. त्यांनी त्याच्यासाठी वाजवलं. ईयोबाकडे द्यायला काय होतं? त्यानं अंगावरच्या खपल्या काढून त्यांच्या हातावर ठेवल्या. आणि त्या सोन्याच्या झाल्या. बायबलात नाही हे, लोकांनीच रचलेलं. पण देवळांतून चित्रं आहेत तशी. तो बसलाय, आणि समोर तिघं पिपाण्या फुंकताहेत.”

हंसाचं रडणं थांबलं. “पिपान्या म्हंजे? क्लॅरनेट?”

“त्याच्याच आज्या-पणज्या.”

“आनि आमचे वाजंत्री? एक तरी आला का दारात?” हंसा उठली, पदर खोचला आणि वाळू तुडवत निघाली. फादर छत्री सावरत तिच्या मागे. त्या बाईची चाल आणि त्यांचं हृदय, काही मेळ बसेना.

पुंडलिक बर्फाच्या कारखान्यामागच्या अंगणात बॅन्डाची तालीम घेत होता. तुळशीचं लग्न झालेलं, हंगाम तोंडावर आलेला. आणि नवापूरच्या बॅन्डाची एक रीत होती. हंगामाचं पहिलं वाजवणं देवीच्या दारात, आणि दुसरं सगळ्यात जुन्या वाजंत्र्याच्या दारात. त्याशिवाय कुणाच्या लग्नाची सुपारी घ्यायची नाही. यंदा देवीच्या दारातलं वाजवणं झालं होतं आणि दुसऱ्याचा सगळ्यांना सोयीस्कर विसर पडला होता.

“पुंडल्या!” हंसा अंगणात शिरता शिरता कडाडली. “सगळ्यात जुना वाजंत्री कोन हाय रं तुमच्यात?”

ढोल थांबला, ताशा थांबला. पुंडलिक तोंडात मारल्यासारखा उभा राहिला. “वामनदादा.”

“मेलाय का तो?”

“असं कसं बोलतेस, ताय?”

“मंग त्याचं दार का चुकवलं? बारशात, हळदीत, वरातीत तो तुमच्या पुढं चालला. तुला सूर कोनी शिकवला? कातडी खराब झाली तं मानूस वाजंत्री नाय र्‍हायला? रीत मोडली मेल्यांनो तुमी. देवी बघते हाय.”

कुणी खाली बघत होतं, कुणी काठ्या कुरवाळत होतं. चिंतू नावाचा बर्फकारखान्यातला गडी आता क्लॅरनेट धरायचा. तो म्हणाला, “पन ताय, वामनदादा बोलत नाय ना कोनाशी. आमी येऊन करायचं काय?”

“बोलायला कोन सांगतंय तुला? वाजवायला ये!” मग आवाज खाली आणून म्हणाली, “या रं बाबांनो. एकदा या.”

पुंडलिकनं डोळे पुसले, आणि मान हलवली.

दुसऱ्या दिवशी उन्हं कलली तेव्हा बॅन्ड आला. लाल कोट घालून आला, हे हंसाला फार बरं वाटलं. फादर तर दुपारपासूनच येऊन ओट्यावर बसले होते, परीक्षेला बसलेल्या पोरासारखे. शेजारीपाजारी कुंपणाशी जमले. वामन खोपीत होता, दाराकडे पाठ करून. हंसानं त्याला काही सांगितलं नव्हतं. न बोलायचं तिनंही ठरवलेलं होतं ना.

पहिल्यांदा देवीचं वाजवलं. खोपीत हालचाल नाही. मग हळदीचं वाजवलं, हे वामनचं एकेकाळी गाजलेलं. कुंपणावरच्या म्हाताऱ्यासुद्धा माना डोलवायला लागल्या. खोपीत हालचाल नाही. मग वरातीचं. ते संपलं. पुंडलिकनं खोपीच्या दाराशी जाऊन वाकून नमस्कार केला, जरा वेळ थांबला, आणि तसाच परत फिरला. हलक्या आवाजात म्हणाला, “ताय, आमी आमचं केलं.” चिंतू क्लॅरनेट फडक्यात गुंडाळायला लागला. फादर डोळे मिटून काहीतरी पुटपुटत होते. त्यांचाही चेहरा उतरला होता. गोष्टीतलं सोनं नेहमी गोष्टीतच राहतं, हे त्यांना काय ठाऊक नव्हतं?

हंसा अंगणाच्या मधोमध उभी होती. एवढी माणसं आली, एवढं वाजलं, आणि त्या जाळ्यांवर बसलेली पाठ तशीच. तिला वाटलं, झालं. आता काही उरलं नाही. मी बोलले, आणि ते बोलणं त्याच्या जिवाला लागून राहिलं, आता ते निघायचं नाही. आणि मग, कसं कोण जाणे, दुःखाच्या जागी तिला भयंकर राग आला. देवावर, रोगावर, बॅन्डावर. जो पुढे दिसला तो होता चिंतू.

“काय रं ए चिंत्या!” ती ओरडली. “याला वाजवनं म्हनतात? वरातीचं वाजवत होतास का मयताचं? मधल्या जागी सगळं घान केलंस! क्लॅरनेट म्हंजे काय बर्फाची लादी वाटली का तुला? असं वाजवशील तं नवरी परत जाईल माहेरी!”

“मी बरोबर वाजवलं, ताय!”

“काय बरोबर? मला कान नायत? मधे तू भलतीकडंच गेलास!”

“गप गं ए!”

आवाज घोगरा होता, गंजल्यासारखा. पण खोपीतून आला होता. अंगणातली सगळी माणसं जागच्या जागी थिजली.

“त्याला का ओरडतेस?” आतून परत आवाज आला, आता जरा मोठा. “तुला काय कळतं त्यातलं? आयुष्यात कधी ताल कळला का तुला? पोरगा बरोबर होता. ढोल मागं पडला तिथं. ढोल! उगाच आपलं तोंड हाय म्हनून वाजवायचं!”

हंसाच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहायला लागलं. पण ती काय गप्प बसणार होती? तिनं कमरेवर हात ठेवले.

“मला नाय कळत? मला? तुज्या संगती जन्म काढला मी, तुजे ते भसाडे सूर ऐकत!”

“भसाडे? ए, भसाडे कोनाला म्हनतेस?”

“तुला! बाहेर ये, मंग सांगते!”

खोपीत जाळी सरकल्याचा आवाज झाला. वामन दारात आला. दाढी वाढलेली, उघड्या अंगावर सगळीकडे ते पांढरे चट्टे, उन्हानं डोळे बारीक झालेले. कुंपणावरची एकदोन माणसं मागे सरली. वामननं त्यांच्याकडे बघितलंही नाही. तो तरातरा चालत ढोलवाल्याकडे गेला आणि त्याच्या ढोलावर स्वतःच्या बोटांनी ठेका वाजवून दाखवायला लागला, “असा, असा, इथं धाव, बैला,” आणि मधेच वळून हंसाला म्हणाला, “आनि तू! आठ-दहा दिवस झाले, तोंड शिवून बसली होतीस. मला वाटलं, हिनं पन सोडलं मला.”

“मी सोडलं? तू मला किती म्हयने...”

“तू मर म्हनालीस!”

“मंग उलट बोलायचं होतंस!”

“काय बोलनार? खरं वाटलं मला!”

“खरं? अरे येड्या! माजं बोलनं कधी खरं धरलंस तू जन्मात, आनि ते एकच बरं खरं धरलंस!”

ती रडत होती, ओरडत होती आणि त्याच्या दंडावरच्या चट्ट्यांवर हात ठेवून त्याला गदागदा हलवत होती. तोही ओरडत होता, आणि त्याच्याही गालांवरून पाणी ओघळत होतं. पुंडलिक कोटाच्या बाहीत तोंड लपवून उभा होता.

फादर काठी टेकत उठले. सगळ्या जन्माची विद्या त्यांच्या घशाशी आली होती. ते दोघांच्या जवळ गेले आणि भरल्या आवाजात म्हणाले, “हंसाबाई, मला वाटतं, त्या जुन्या पंडितांनी...”

“फादर, तुमी जरा थांबा,” हंसा त्यांच्याकडे न बघताच म्हणाली. “आमचं बोलनं चाललंय.”